गितलाचे भरलेले गाल

संग्रहालयाला चित्रकार लाझारकडून एकच ओळ हवी होती: ‘हे चित्र मी १९४३ साली मेखेलेनच्या नाझी छावणीत गितलाला समोर बसवून काढलं.’ एवढं लिहून सही ठोकली, की गितलाचं चित्र प्रदर्शनात लागणार. पण म्हाताऱ्याचा हात काही चालेना. आठवडाभर चालढकल करून शेवटी काखोटीला कागदाची एक गुंडाळी मारून तो अँटवर्पला, गितलाच्या मुलीच्या दारात उभा राहिला.

फ्राडेलने त्याच्यापुढे कॉफी आणि लोणी लावलेला पाव ठेवला. “घ्या ना, लाझारकाका. तुमच्यामुळे माझ्या आईला चेहरा तरी आहे. सहा वर्षांची होते मी, एका शेतकऱ्याकडे लपवलेली. तिथंच कुणीतरी हे चित्र आणून दिलं.”

भिंतीवर गितला हसत होती. गाल शब्बाथच्या सणाला भाजलेल्या पावासारखे टम्म फुगलेले.

लाझारने बशीला हात लावला नाही. “ते गाल खोटे आहेत, पोरी.”

“म्हणजे?”

“तिचा पार सापळा झाला होता. म्हणाली, गाल भरा, नाहीतर माझी पोर घाबरेल. मी भरले.” त्याने गुंडाळी उलगडली. “खरी अशी होती. माझे डोळे जायच्या आत आठवणीतून काढून ठेवली.”

फ्राडेल कागद घेऊन खिडकीशी गेली. बोलली तेव्हा तिचा आवाज लहान मुलीसारखा झाला होता. “मी त्या चित्राशी भांडायचे, काका. एवढी खाऊनपिऊन सुखी आहेस, मग मला न्यायला का येत नाहीस? ती गेल्याचं कळलं तरी राग गेला नाही. चाळीस वर्षं तिच्यावर रुसून बसले मी.”

लाझारला वाटलं, आता उठावं. पण अर्धंच सांगून झालं होतं, आणि उरलेल्याचीच त्याला जास्त लाज होती.

“चित्रं फुकट काढत नव्हतो मी,” तो म्हणाला. “माणशी एका दिवसाचा पाव घ्यायचो. तिच्याकडून तीन दिवसांचा घेतला. म्हटलं, गाल भरायला वेळ लागतो.”

फ्राडेलने बशी उचलली. आता ही तोंडावर फेकणार, असं त्याला वाटलं. तिने ती आत नेऊन ठेवली, आणि येताना कागद-पेन आणलं.

“लिहा. पावापासून सुरुवात करा.”

लाझार लिहू लागला. कागद सरकत होता. तिने तो धरला नाही.