तिसऱ्या प्रकरणावरची सही

यंत्राला विचार करता येतो का, यावर आमच्या थोरलीने प्रबंध लिहिला. तिचा मुद्दा साधा होता. आपण असं का ठरवलं ते ज्याला सांगता येत नाही, त्याने निवाडा करू नये. मग तो माणूस असो की मशीन.

तिच्या सरांना एक खोड होती. पानावर ‘मला वाटतं’ दिसलं की लाल पेनाने काट. “तुला काय वाटतं ते घरी सांग, इथे मुद्दा मांड,” म्हणायचे. पोरीने अख्खा प्रबंध तसाच घासूनपुसून लिहिला.

प्रबंध जमा करायच्या शेवटच्या तारखेला प्रतींचे गठ्ठे उचलायला मी तिच्यासोबत विद्यापीठात गेलो. खिडकीतल्या बाईंनी संगणकावर तपासून मान हलवली.

“तिसरं प्रकरण मशीनने लिहिलंय म्हणतंय.”

“कोण म्हणतंय?”

“मशीन.”

“कशावरून?”

“ते नाही हो सांगत. नुसता लाल रंग दाखवतं.”

“अहो बाई, हेच तर लिहिलंय त्या प्रकरणात!”

“मी कुठे वाचलंय? पाचला खिडकी बंद होते. बदलून आणा.”

थोरलीने सरांना फोन लावला. त्यांचा आवाज मलाही ऐकू येत होता.

“इकडेतिकडे ‘मला वाटतं’ घाल की. माणसाचं दिसेल.”

“सर, तुम्हीच काढायला लावलंत!”

“मग आता मीच घालायला सांगतोय ना.”

जिन्याच्या पायरीवर मांडीवर संगणक घेऊन ती ‘मला वाटतं’ घालत बसली. दात-ओठ खात म्हणाली, “बाबा, मला इथे काहीही वाटत नाहीये. नुसता संताप येतोय.”

“मग तेच लिही.”

“तुम्ही गप्प बसा हो.”

मशीनला पटलं. हिरवा रंग आला. बाई म्हणाल्या, “छान. आता बदललेल्या प्रकरणावर सरांची सही हवी.”

प्रकरण छापून घेतलं आणि धापा टाकत सरांच्या खोलीत गेलो. सरांनी चष्मा लावला, पहिलं पान उघडलं. हात आपोआप खिशाकडे गेला, आणि पहिल्याच ओळीतल्या ‘मला वाटतं’वर लाल रेघ बसली.

थोरलीने त्यांच्या हातातलं पेन काढून घेतलं, आपलं निळं ठेवलं. “सर, वाचू नका. फक्त सही करा.”

सही करता करता सर म्हणाले, “पण आधीचंच बरं होतं, नाही?”

तिने घड्याळाकडे पाहिलं. कागद ओढले आणि त्या लाल रेघेसकट खिडकीकडे पळत सुटली.