कार्डावरचा सात

आमची लेक अंजना मेढ्याला नांदायला गेली ते साल एकोणीसशे शहात्तर. जाण्याआधी दोन वर्षं खपून तिनं मला अक्षरं शिकवली. मी तेव्हा पन्नाशी ओलांडलेला. सांगलीतल्या एका कॉलेजात संगणकाची खोली झाडायला रोजंदारीवर होतो, आणि मला कायम करण्याचा कागद वर गेलेला होता.

संगणक जालिंदर साहेबांच्या ताब्यात. आष्ट्याचे, फौजेत बिनतारी यंत्रांवर काम केलेले. मी लिहायला शिकलोय कळल्यावर हसून म्हणाले, "तात्या, ह्ये मशिन तुमच्यावाणीच हाय. ताकद लय, पर पयला धडा कुणीतरी द्याय लागतोय."

मशिनच्या पोटात तारेत ओवलेल्या बारीक कड्यांच्या जाळ्या होत्या. वीज गेली तरी कड्यांना आठवण राही. पण कुणा विद्यार्थ्याचा प्रोग्राम बहकला की आठवण पुसली जायची. मग पुढच्या फळीवरच्या खटक्यांनी वीसेक ओळी आकडे हातानं भरायचे. तेवढ्यानं मशिनला एकच गोष्ट येई, भोकं पाडलेली कागदी पट्टी वाचायची. बाकीचं सगळं ते पट्टीवरून शिके.

"म्हंजे माजी बाराखडी झाली म्हना की," मी म्हणालो.

"व्हय. आन पट्टी अजून गुंडाळलेलीच हाय."

ते आकडे एका कार्डावर लिहून फळीला चिकटवलेले होते. एका आकड्याला तीन खटके. सातला तिन्ही वर, सहाला तिसरा खाली. आठ-नऊ तिथं चालतच नव्हते.

मशिन बघायला दिल्लीचे पाहुणे यायच्या दिवशी सकाळी आठवण पुसलेली होती. साहेब पाहुण्यांना आणायला गेले आणि मी ओलं फडकं फिरवताना कार्डावरची शाई फरकटली. मी घाबरलो. आकडे अजून वाचता येत होते, म्हणून नव्या कार्डावर बघून बघून उतरवले आणि तिथंच चिकटवले. इंग्रजी आकडे आपल्याला जमले याचा अभिमानच वाटला. पण एका ओळीत हात सवयीनं वळला आणि अंजनानं गिरवून घेतलेला आपला ७ उतरला.

पाहुणे उभे. साहेबांना आकडे पाठ होते, पण चारचौघांत माणूस लिहिलेल्यावर जास्त भरवसा ठेवतो. कार्ड बघत त्यांनी खटके भरले. पट्टी हलली नाही. पुन्हा भरले, पुन्हा नाही. तिसऱ्या वेळी मला दिसलं, त्या ओळीत तिसरा खटका खाली होता. इंग्रजी आकड्यांच्या रांगेत माझा सात सहा दिसत होता.

बोलायला एक शब्द पुरला असता. "साहेब, त्यो सात हाय." मी कोपऱ्यात फडकं पिळत राहिलो.

पाहुणे गेले. प्राचार्य म्हणाले, "फौजेत असंच करत होता का?"

खोलीत आम्ही दोघंच उरलो तेव्हा साहेबांनी कार्ड काढून डोळ्यांजवळ नेलं.

"तात्या, ह्ये अक्षर कुनाचं?"

"म्हायत न्हाई, साहेब."

 मग तिसरा खटका वर करून त्यांनी ती ओळ पुन्हा भरली आणि मशिन चालू केलं. पट्टी सरसर पळाली. कार्ड माझ्या हातात देऊन म्हणाले, "ठेवा तुमच्यापाशी. आन सात नीट काढा गड्या."

प्राचार्यांना त्यांनी काही सांगितलं नाही. महिन्याभरात साहेबांना कामावरून काढलं. त्यानंतर मशिनच्या पोटात बसवायची एक नवी पाटी आली. पहिला धडा तिच्यात कायमचा बसवलेला, पुसता न येणारा. एक बटण दाबलं की मशिन आपलं आपण उठे. तिचं खोकं मीच जिन्यानं वर नेलं. दिवाळीला मी कायम झालो.

साहेब शिरवळला कारखान्यात लागले होते. कार्ड खिशात घालून मी दोनदा निघालो. दोन्ही वेळा साताऱ्याच्या स्टँडवर उतरलो, चहा घेतला आणि सांगलीची परतीची एसटी धरली. तिसऱ्यांदा शिरवळपर्यंत गेलो. दार त्यांच्या बायकोनं, आक्काताईंनी उघडलं. त्यांच्या कपाळावर कुंकू नव्हतं.

मी कार्ड बाहेर काढलं नाही.

जालिंदर साहेब काविळीनं वारले. तारीख नऊ ऑगस्ट, साल एकोणीसशे एकोणऐंशी. मी पोचलो तो सतरावा दिवस होता.