शेवट कुणाला सांगायचा

रहस्यकथांचं परीक्षण लिहिणं म्हणजे तोंडात गुळणी धरून गप्पा मारणं. लेखकानं वाचकाला कुठं खरंच चकवलं आणि कुठं नुसती लपवाछपवी केली, ते सगळं लिहायचं. खुनी कोण, तेवढं गिळायचं. रविवारच्या पुरवणीत मी आयुष्यभर हेच केलं. गिळलेलं घरी येऊन दादाला सांगायचो, म्हणून निभलं.

दादा माझा थोरला भाऊ, विजेच्या खात्यात लाइनमन. दोघंही बिनलग्नाचे, दोन खोल्यांत राहायचो. त्यानं जन्मात एक पुस्तक उघडलं नाही, पण मी खुन्याचं नाव घेतलं की कांदा चिरता चिरता म्हणायचा, "मला वाटलंच होतं!" माझं डोकं फिरायचं. मग जेवण होईपर्यंत भांडण. माझी निम्मी समीक्षा त्या भांडणातच तयार व्हायची.

दादा गेल्यानंतरचं पहिलं परीक्षण छापून आलं आणि पुरवणीच्या संपादिकेचा फोन आला. पोरगी माझ्या भाचीच्या वयाची.

"काका, अहो काय केलंत हे? डॉक्टरनंच मारलं म्हणून सरळ लिहून टाकलंत! आमचंही लक्ष गेलं नाही. वाचक शिव्या घालतायत."

मी अंक उघडला. डॉक्टरचं नाव होतंच, आणि पुढं माझंच वाक्य: 'आता वाटलंच होतं म्हणू नकोस.' लिहिताना मला कळलंसुद्धा नव्हतं.

"सदर बंद करताय?" मी विचारलं.

"नाही हो. फक्त शेवट लिहू नका."

"मग सांगू कुणाला?"

तोंडातून निघून गेलं. या वयात असं बोललो, लाज वाटली.

"मला सांगा ना, काका. पुस्तक संपलं की फोन करायचा आणि मोकळं व्हायचं."

पुढचं पुस्तक मी जागरण करून संपवलं. सकाळी तिचं ऑफिस उघडायची वाट बघत बसलो. फोन लागल्यावर किल्लीचा घोळ सांगितला, खोटी साक्ष सांगितली. ती "हं, हं" करत होती. पलीकडे कीबोर्डची टकटक चालली होती.

"आणि खुनी निघाली सख्खी बहीण!"

"अरे वा, छान," ती म्हणाली.

टकटक थांबली नाही. ती ऐकत नव्हती, हे मला कळत होतं. फार एकटं वाटलं. तरी मी फोन ठेवला नाही; बहिणीनं का मारलं, ते सांगायला घेतलं.