एल्वीराबाईंच्या वडिलांची पावलं

काशिनाथरावांना आपल्या जावयाची किळस आली होती, आणि जावयाच्याच घरात राहून जावयाची किळस येणं म्हणजे मोठी पंचाईत. चहासुद्धा त्याच्याच कपातून प्यावा लागतो.

न्यूझीलंडमधल्या पोरिरुआ गावी लेकीकडे, देवयानीकडे, येऊन त्यांना चार महिने झाले होते. शेजारी एल्वीराबाई राहायच्या. वय एक्याण्णव, मूळच्या अर्जेंटिनाच्या. रोज कुंपणापाशी गप्पा व्हायच्या. दोघांचंही इंग्रजी मोडकं, त्यामुळे छान जमायचं. बाईंचे वडील तिकडच्या रंगभूमीवरचे नावाजलेले नट. पुढे मूकपटात नायक झाले आणि ऐन भरात चित्रीकरणात घोड्यावरून पडले. पाय कायमचा अधू झाला. तरी लंगडणं लपवून त्यांनी तो चित्रपट पुरा केला. त्यानंतर कुणी विचारलं नाही. बाई चार वर्षांच्या असताना ते वारले. चेहरा काही आठवत नाही, म्हणायच्या, जिन्यावरची पावलं तेवढी आठवतात.

त्या शेवटच्या चित्रपटाची अकरा मिनिटं कुठल्याशा संग्रहात सापडली होती. ऋतुराज, म्हणजे देवयानीचा नवरा, इथल्या फिल्म क्लबचा सेक्रेटरी. त्याने ती मागवली, तेव्हा काशिनाथरावांनी अभिमानाने बाईंना शब्द दिला होता, तुमचे वडील तुम्हाला दाखवतो.

क्लबातल्या खेळाच्या आदल्या दिवशी लॅपटॉपवर ती पाहताच काशिनाथराव म्हणाले, "ऋतुराज, वेग चुकलाय."

मिरजेच्या टॉकीजमध्ये एकतीस वर्षं ते प्रोजेक्टरचे ऑपरेटर होते. मूकपटाचा कॅमेरा हाताने, सावकाश फिरवायचे, तो मूकपट आजच्या वेगाने लावला की माणसं तुरुतुरु पळतात, हे त्यांच्या उस्तादाने शिकवलं होतं. माणसाची चाल बघायची आणि वेग ठरवायचा.

"माहितीये, बाबा," ऋतुराज हसला. "पण लोकांना हे असंच फनी वाटतं. हीप्स ऑफ फन."

जावयाला काय बोलणार? त्यांनी त्याच्याच कपातला चहा संपवला.

शनिवारी दुपारी हॉलमध्ये चाळीसेक माणसं जमली. ऋतुराजने किया ओरा, म्हणजे इथला माओरी नमस्कार, म्हणून सुरुवात केली. पडद्यावर एक बाप, म्हणजे बाईंचे वडील, मेलेल्या मुलाच्या खाटेकडे निघाला होता. तो उड्या मारत निघाला. सोबत पियानोचं टुणटुण संगीत लावलेलं. हॉल खो खो हसत सुटला. ऋतुराज मांडीवर थापा मारत होता.

एल्वीराबाईंनी मांडीवरची पर्स घट्ट धरली होती. त्याही हसायला लागल्या, सगळे हसतात म्हणून.

काशिनाथरावांनी ते पाहिलं. ऋतुराजचा राग होताच, पण खरी शिसारी आली ती स्वतःची. लवकर घरी जाता यावं म्हणून शेवटच्या खेळाला त्यांनी कितीदा एखादं रीळ गाळलं होतं. कुणाचं मरण, कुणाचा निरोप, बिनदिक्कत डब्यात ठेवला होता. कोण नट, किती राबला असेल, मनातसुद्धा आलं नव्हतं. आणि काल पुन्हा तेच, तोंड शिवून बसले होते.

ते उठले. देवयानीने बाही धरली, ती त्यांनी सोडवली.

"ऋतुराज, बंद करा हे."

"बाबा, नंतर बोलू ना."

"नंतर नाही. बाई एक्याण्णव वर्षांच्या आहेत."

मराठी कुणाला कळलं नाही, पण आवाज कळला. माना मागे वळल्या. ऋतुराजचा चेहरा पडला.

"पियानो काढा. पहिल्यापासून लावा. वेग कमी करा. अजून कमी. माझ्याकडे काय बघताय, त्या माणसाचे पाय बघा."

ऋतुराजची बोटं चाचपडत राहिली. पडद्यावरचा माणूस हळूहळू माणसासारखा चालायला लागला. खांदे ताठ, नजर खाटेवर. डावा पाय टेकताना तो क्षणभर थांबायचा, आणि ते थांबणं दुःखाचं वाटावं इतक्या बेमालूमपणे लपवायचा. कुणी हसलं नाही.

एल्वीराबाईंनी डोळे मिटले होते. काशिनाथराव धास्तावले, वाकून म्हणाले, "बघा ना, ते आलेत."

बाईंनी डोळे उघडले नाहीत. त्यांचं बोट पर्सवर वाजत होतं, एक जड, एक हलकं. काशिनाथरावांनी पडद्याकडे पाहिलं. पाऊल तिथे पडत होतं आणि बोट इथे, एकाच वेळी.