महिना पावणेचौदाशे

“मास्तर, हात कोरडे आहेत ना?” साडूनं विचारलं आणि मगच फाईल माझ्या हातात दिली.

तीस वर्षं मी लोकांच्या महागड्या सुटाच्या कापडावर कात्री चालवतोय. आणि हा पाणीखात्यात दारोदार मीटर वाचत हिंडणारा माणूस मला हात कोरडे आहेत का विचारत होता. फाईलमध्ये त्याच्या घराचे कागद होते. वीस वर्षं बँकेकडे गहाण पडलेले, शनिवारी सुटून घरी आले. मेव्हणीनं त्यांच्यासाठी नवीन प्लॅस्टिकचं पाकीट आणलं होतं. माझी बायको, म्हणजे तिची ताई, एकेक पान असं उलटत होती की जणू नातवंडच मांडीवर घेतलंय.

खोटं कशाला बोलू, माझ्या पोटात दुखायला लागलं. कर्ज आम्ही दोघांनी एकाच आठवड्यात, एकाच टेबलावर बसून घेतलं होतं. बारा लाख त्याचे, बारा लाख माझे, दोघांचीही मुदत वीस वर्षं. फरक इतकाच की माझ्याकडे साठवलेले पैसे होते, ते वर घालून मी तीन खोल्या आणि गॅलरी घेतली. त्यानं जिन्याखालच्या दोन खोल्या घेतल्या, तिथे दुपारीही दिवा लावावा लागतो. त्या दिव्याखाली बसून आता तो माझ्याआधी मोकळा झाला होता.

“तुमचे कधी आणताय?” मेव्हणीनं विचारलं.

“या आठवड्यात. माझा शेवटचा हप्ता परवाच गेला,” मी म्हणालो. “नोकरीचंही सांगून टाकलंय मालकांना. महिनाअखेर कात्री ठेवणार खाली.”

साडूनं चहाचा कप खाली ठेवला. मग हळूच म्हणाला, “मास्तर, बँकेत विचारून मग सांगायचं होतं मालकांना.”

“माझी मोजदाद पक्की असते,” मी म्हणालो.

होतीच पक्की. माझ्या कपाटाच्या दाराला आतून रेघा आहेत. पहिल्या हप्त्यापासून दर महिन्याला दुकानातल्या खडूनं एक रेघ. परवा दोनशे चाळीस झाल्या. उजव्या हाताचा अंगठा तीन वर्षांपासून ठणकतोय, सकाळी कात्री उघडायला डाव्या हाताची मदत घ्यावी लागते. दोनशे चाळीस झाल्या की सुटलो, या एका हिशेबावर मी तो अंगठा ओढत आणला होता. मालकांनी माझ्या जागी नवा कटरही बघून ठेवला होता.

घरी परतताना बायको स्कूटरवर मागे बसून म्हणाली, “किती जपून ठेवलेत कागद त्यांनी.”

“कामच काय आहे त्याला दुसरं,” मी म्हणालो.

सोमवारी अर्धी सुट्टी टाकून बँकेत गेलो. इस्त्रीचा शर्ट घातला होता. काउंटरवरची बाई माझ्या मुलीच्या वयाची असेल. मी म्हणालो, “घराचे कागद न्यायला आलोय. कर्ज फिटलं.”

तिनं नंबर विचारला, पडद्यावर बघितलं, पुन्हा नंबर विचारला. “काका, बसा ना,” ती म्हणाली.

“तुमचं अजून नऊ वर्षं पाच महिने चालू आहे.”

“दुसऱ्या कुणाचं बघताय तुम्ही. माझे दोनशे चाळीस झाले. एक चुकला असेल तर दाखवा.”

“एकही चुकला नाही, काका. इतकं स्वच्छ खातं मी फार कमी बघते.” तिनं एक कागद छापून माझ्यापुढे ठेवला. “तुम्ही चोवीस लाख भरलेत. आणि मूळ बारा लाखांतले सात लाख एकतीस हजार बाकी आहेत.”

मी ते आकडे बोट ठेवून वाचले. चष्मा पुसून पुन्हा वाचले. “असं कसं होईल?” मी म्हणालो. माझा आवाज चढला असावा, कारण रांगेतली माणसं वळून बघायला लागली.

मग तिनं जुनी फाईल मागवली. फाईल येईपर्यंत पाणीही दिलं. फाईलमधून एक पत्र निघालं, सतरा वर्षांपूर्वीचं. व्याजाचा दर आठावरून दहा टक्क्यांवर गेलाय, असं त्यात लिहिलं होतं. खाली दोन चौकोन होते. एकासमोर ‘हप्ता वाढवावा’, दुसऱ्यासमोर ‘हप्ता तोच ठेवावा, मुदत वाढवावी’. दुसऱ्या चौकोनात ठसठशीत खूण होती आणि तिच्याखाली माझी सही, शेपटी मारलेली.

मला तो दिवस लख्ख आठवला. सासऱ्यांच्या अंगणात आम्ही दोघं साडू आपापली पत्रं घेऊन बसलो होतो. साडू कागदावर पेन्सिलीनं काहीतरी करत होता. मी खूण करून मोकळा झालो आणि त्याला म्हणालो, “काय डोकं फोडताय? बँक म्हणतेय हप्ता तोच ठेवा, तर ठेवायचा.” तो म्हणाला, “पण वर्षं किती वाढतात ते यात लिहिलेलंच नाही, मास्तर.” मी म्हणालो, “वाढतील चार-सहा महिने. वर्षं काय, जातातच.” सगळे हसले, सासरेही. त्यानंतर कितीतरी वेळा मी चारचौघांत छाती पुढे काढून सांगितलं की जगात सगळं महाग झालं, पण माझा हप्ता एका पैशानं वाढला नाही, दहा हजार सदतीस म्हणजे दहा हजार सदतीस. बँकेकडून दरवर्षी एक लिफाफा यायचा. मी तो न फोडता खणात टाकायचो. हप्ता तोच आहे, मग वाचायचं काय?

“दर वाढला त्या महिन्याचंच बघा,” ती बाई पेनानं दाखवत म्हणाली. “तुमच्या दहा हजारांतले नऊ हजार तीनशे व्याजात गेले. कर्जातून कमी झाले फक्त सातशे. पुढचा महिनाही जवळजवळ तसाच, त्याच्या पुढचाही. कर्ज जागचं हललंच नाही वर्षानुवर्षं.”

“आणि पहिल्या चौकोनात खूण केली असती तर?”

तिनं यंत्रावर बोटं चालवली. “हप्ता अकरा हजार चारशे अकरा झाला असता. महिना पावणेचौदाशे जास्त. आणि या महिन्यात तुम्ही कागद घेऊन गेला असता.”

“एकूण फरक किती?”

तिनं पुन्हा यंत्रावर आकडे टाकले. “असंच चालू ठेवलंत तर शेवटपर्यंत तुमचे साधारण पस्तीस लाख जातील. तसं केलं असतं तर सत्तावीस.”

आठ लाखांच्या वर. सतरा वर्षांचे पावणेचौदाशे मी तिथल्या तिथे बोटांवर मोजले. तीन लाखही भरत नाहीत. मी कापड कापण्याआधी पाण्यातून काढतो, कारण ते किती आटेल हे आधी कळायला हवं. दुकानातल्या नव्या माणसाला पहिल्या दिवशी मी हेच शिकवतो. स्वतःच्या घराच्या बाबतीत मात्र मी कोरडं कापड कापून बसलो होतो.

बँकेतून बाहेर आलो, तेव्हा खरं तर स्वतःचा राग यायला हवा होता. मला आला साडूचा. पावणेचौदाशे त्यानं आणले कुठून? पगार तर माझ्यापेक्षा कमी. आणि स्कूटरला किल्ली लावताना मला ते कळलं.

तो चालायचा. त्या पत्रानंतरच कधीतरी त्यानं बस सोडली होती. दिवसभर मीटर वाचत वणवण करायची आणि वर पाऊण तास चालत घरी जायचं. रविवारी लोकांचे नळ दुरुस्त करायचा. मी संध्याकाळी दुकानातून सुटलो की तो पुलाजवळ दिसायचा, मान खाली, पिशवी खांद्याला. मी मागून जाऊन दोनदा हॉर्न वाजवायचो. तो दचकायचा, मग हसून हात करायचा. मी त्याला ‘पायगाडी’ नाव ठेवलं होतं. सासरवाडीत ते चांगलं रुळलं. मी एकदाही थांबून ‘बसा’ म्हणालो नाही. आणि तोही एकदाही म्हणाला नाही की मास्तर, मी तुमच्यापुढे निघून चाललोय. तेच मला जास्त झोंबलं.

घरी बायको दारातच उभी होती. “आणले?”

मी तिला छापलेला कागद दिला. तिनं उभ्या उभ्याच वाचला. मग म्हणाली, “मला वाटायचं तुम्हाला सगळं ठाऊक असेल. कापडात तुम्ही सूतभर चुकत नाही.”

“ओरड माझ्यावर,” मी म्हणालो.

“ओरडून नऊ वर्षं कमी होणार असतील तर ओरडते.” ती खुर्चीत बसली. “माझ्या बहिणीनं बारा वर्षं नवी साडी घेतली नाही, माहितेय तुम्हाला? मी तिला चिकट म्हणायची. तोंडावर म्हणायची.” तिनं डोळे पुसले. त्या दिवशी घरात जळणारा मी एकटा नव्हतो, हे कळून मला बरं वाटलं. लाज वाटायला हवी होती, पण बरं वाटलं.

“भावोजींकडे मागायचे का थोडे?” तिनं विचारलं.

“वीस वर्षं भाड्यानं राहीन, पण त्याच्याकडे मागणार नाही.”

तिनं कागदाची घडी घातली. मग म्हणाली, “मग रविवारी घरी शिवायचं. काज-बटण मी करीन.”

दुसऱ्या दिवशी मालकांकडे गेलो. मालक गल्ल्यावर होते. मी सगळं सांगितलं, खुणेसकट. त्यांनी ऐकून घेतलं आणि मोठ्या टेबलाकडे पाहिलं. तिथे नवा कटर येऊन उभा होता, पस्तिशीचा, टेप गळ्यात. कापडावरून हात फिरवून तो सुरकुती काढत होता. त्याचा अंगठा बघून मी नजर वळवली.

“मास्तर, टेबल एकच आहे,” मालक म्हणाले. “त्याला शब्द दिलाय. मागे अल्टरेशनची जागा आहे. ढिलं घट्ट, घट्ट ढिलं. तुम्हाला कसं सांगू?”

“सांगितलंत की,” मी म्हणालो. “मशीनला तेल घालून ठेवा.”

नव्या कटरनं माझ्यासाठी खुर्ची ओढली. मी म्हणालो, “ते निळं कापड आधी पाण्यातून काढा. दिसत नाही, पण आटतं.” तो “हो मास्तर” म्हणाला. तेवढं एक नाव माझ्याकडे राहिलं.

पुन्हा बँकेत गेलो. त्याच बाईपुढे बसलो. हप्ता वाढवून सगळं पाच वर्षांत फेडायचं तर किती, विचारलं. साडेपंधरा हजारांच्या जरा वर. मी तिला म्हणालो, “करा. पण आधी लिहून द्या, एकूण किती जातील, शेवटचा हप्ता कोणत्या महिन्यात. आणि दर बदलला तर काय होईल तेही.” तिनं सगळं लिहून दिलं. मी तिथेच बसून वाचलं, पहिल्या शब्दापासून. मागच्या माणसानं दोनदा घसा खाकरला. मग मी पहिल्या चौकोनात खूण केली. सही करताना शेपटी मारली नाही.

स्कूटर विकली. घरी येऊन कपाट उघडलं, तर बायकोनं दार आतून ओल्या फडक्यानं पुसून काढलं होतं. दोनशे चाळीस रेघा गेल्या होत्या. खडू मात्र तिनं फळीवर ठेवला होता.

एक तारखेला कात्री जुन्या कापडात गुंडाळून काखेत घेतली आणि चालत निघालो. अल्टरेशनला लहान कात्री पुरते, पण ही घरी ठेववली नाही. पुलापाशी पोहोचलो तेव्हा गुडघे बोलायला लागले होते. पाऊण तास, रोज, सतरा वर्षं, असं मनात मोजत होतो, तेवढ्यात मागून स्कूटरचा आवाज आला. नवी होती, आवाजावरूनच कळलं. कुणाची असेल तेही कळलं, कारण ताईला फोन करून मेव्हणीनं रंगसुद्धा सांगितला होता.

मी मान खाली घातली आणि हॉर्नची वाट बघितली. दोनदा वाजणार. त्याचा हक्कच होता. मी दचकणार, हसून हात करणार, सगळं ठरवून ठेवलं.

आवाज जवळ आला आणि बंद झाला. साडू खाली उतरला होता. काखेतल्या कात्रीकडे त्यानं एकदा पाहिलं, बायकांनी त्याला सगळं सांगितलं असणारच.

“बसा, मास्तर. सोडतो दुकानापर्यंत.”

“नको. चालतो.”

“बरं,” तो म्हणाला. आणि नवीकोरी स्कूटर हातानं ढकलत माझ्या बाजूनं चालू लागला. त्याची पावलं सवयीची होती, माझी नव्हती. त्यानं आपली हळू केली. पूल आम्ही तसाच ओलांडला. त्यानं एकदा तरी हॉर्न वाजवायला हवा होता.