शेख अल्लाल यांचा आकडा

शेख अल्लाल यांच्या पोथीत आजार उतरवणाऱ्या आकड्यांच्या चौकटी होत्या आणि प्रत्येक चौकटीत एक घर मुद्दाम चुकवलेलं होतं. मोरोक्कोतल्या फेस शहरातल्या जुन्या गुरूंची ती रीतच. पोथी चोराच्या हाती लागली तरी चौकट निर्जीव राहावी. बरोबर आकडा गुरू स्वतः शिष्याच्या कानात सांगत, आणि त्या उच्चारासोबतच लिहिण्याची परवानगी मिळे. शिष्याने तो आधी उच्चारला, तर परवानगी कायमची गेली.

मुन्सिफ हा शेखांचा एकुलता शिष्य, शाळेत गणित शिकवणारा. त्याला परवानगी मिळण्याआधीच शेखांना अर्धांगवायू झाला आणि वाचा गेली.

शुक्रवारच्या नमाजानंतर तो आला, तेव्हा शेखांची मुलगी बतूल त्यांना चमच्याने हरीरा सूप भरवत होती.

"या मास्तर! आजही चहाचा पुदिना विसरलात ना?"

"विसरलो, लल्ला," मुन्सिफ म्हणाला. तिकडे बाईला आदराने लल्ला म्हणत, पुरुषाला सिदी.

"आणि म्हणे हे पोरांना पाढे पाठ करायला लावतात!"

शेखांनी चमचा बाजूला सारला. डाव्या हाताने पोथी उघडून एका घरावर बोट ठेवलं आणि मुन्सिफला जवळ ओढलं. त्यांच्या घशातून घरघर आली. गळ्याच्या शिरा तटतटल्या. एक अक्षर निघालं, तुटलं. पुन्हा निघालं. लाळ दाढीवर ओघळली.

मुन्सिफला ते बघवेना. "सिदी, पुरे, नका त्रास करून घेऊ! एकेचाळीस ना? बेरीज जुळेना, तेव्हाच काढला होता मी."

शेखांचे ओठ थांबले. त्यांच्या नजरेत राग नव्हता. त्यांनी पोथी मिटली.

"काय केलंत हे?" बतूल म्हणाली. "भिंतीकडे तोंड करून तेवढा एकच शब्द घोटत होते ते. तुमच्यासाठी."

"सिदी, मी बोललोच नाही असं समजा. सांगा ना."

शेखांनी त्याच्या डोक्यावर हात ठेवला. बोलले मात्र नाहीत.

हिवाळ्यातच ते गेले. त्यानंतर एक बाई तापलेलं मूल कडेवर घेऊन मुन्सिफच्या दारी आली. वाडग्यात केशराने चौकट लिहायची, धुवायची, ते पाणी मुलाला पाजायचं, एवढंच तिचं मागणं होतं.

"मला परवानगी नाही, लल्ला."

"आकडा येत नाही?"

"येतो."

"मग लिहा की!"

मुन्सिफ चपला पायात सरकवत म्हणाला, "चला, दवाखान्यात मी सोबत येतो."

"तिथूनच आलेय मी," बाई म्हणाली.