मंगळवारी खोटं बोलणारा सेन्सर

मी एक जुना सेन्सर आहे, मित्रांनो, आणि आधीच कबूल करून टाकतो, मी खोटारडा आहे. जन्मापासून नव्हतो, नंतर झालो. सध्या माझा मुक्काम जळकोटला, शंकरप्पांच्या सरकी-पेंडीच्या दुकानात, वजनकाट्याशेजारच्या पत्र्याच्या डब्यात आहे. काम काही नाही, नुसता पडून असतो. पण नऊ वर्षं मी त्यांच्या पांढऱ्या गाडीच्या स्टिअरिंगखाली नोकरी केली, आणि शेवटच्या काही दिवसांत माझ्यापायी एका बाईचा जीव टांगणीला लागला. तेच तुम्हाला सांगायचं आहे.

माझा जन्म एका कारखान्यात झाला. तिथे धूळ औषधालासुद्धा सापडत नव्हती. मला जोडणाऱ्या हातांत मोजे होते. मी म्हणजे तळहातावर मावणारी काळ्या प्लॅस्टिकची चकती, मधोमध भोक. त्या भोकातून स्टिअरिंगचा दांडा जातो. स्टिअरिंगचं चाक किती वळलं आणि कोणीकडे वळलं, हे क्षणाक्षणाला गाडीतल्या कॉम्प्युटरला कळवायचं, एवढंच माझं काम. कॉम्प्युटर माझ्या शब्दावर विश्वास ठेवतो, एका मोटरला हुकूम सोडतो आणि ती मोटर चाक वळवायला मदत करते. म्हणून तर जड गाडी दोन बोटांनी वळते. लोक म्हणतात, काय गाडी आहे, लोण्यासारखी वळते. कौतुक गाडीचं होतं, माझं नाव कोणी घेत नाही. जाऊ द्या, मी कधी त्याचं वाईट वाटून घेतलं नाही.

आता घरची माणसं सांगतो. शंकरप्पांना सगळे अप्पा म्हणतात. साखरेच्या आजारानं दोन वर्षांपासून त्यांची नजर अधू झाली आहे, त्यामुळे गाडी त्यांची मुलगी अंजू चालवते. अंजू चोवीस वर्षांची, बोलायला कमी आणि गाडी चालवायला चोख. आणि मल्लम्मा, तिची आई, तिची अव्वा. मल्लम्मांच्या दोन्ही किडन्या निकामी झाल्या. आठ महिन्यांपासून दर मंगळवारी आणि शुक्रवारी त्यांना लातूरला डायलिसिसला न्यावं लागतं. दोन तास जायला, चार तास मशीनवर, दोन तास यायला. मशीनवरून उठल्यावर त्यांना धड उभंही राहवत नाही. एसटीत बसून यायचं म्हटलं तर ती बाई अर्ध्या वाटेतच गळून जाईल. म्हणजे गाडी चालली तर मल्लम्मा चालणार, असा सगळा हिशेब होता.

अप्पा लिंगायत. ज्या वस्तूवर आपलं काम चालतं तिला हात जोडल्याशिवाय त्यांचा सोमवार सुरू होत नाही. दुकानातल्या काट्याला सुद्धा ते विभूती लावतात. गाडीला पूर्वी नुसती विभूती लावायचे. पण मल्लम्मांची ये-जा सुरू झाली आणि त्यांची भक्ती वाढली. दर सोमवारी संध्याकाळी ते तांब्या घेऊन गाडीत बसायचे, चाकावर चार ओंजळी पाणी सोडायचे, हॉर्नवर ओल्या विभूतीचे तीन पट्टे ओढायचे, वर बेलाचं पान ठेवायचे आणि डोळे मिटून म्हणायचे, "हिला सुखरूप ने, सुखरूप आण." मित्रांनो, ते ऐकून मला भरून यायचं. पण तेच पाणी चाकाच्या फटीतून झिरपून थेट माझ्या अंगावर उतरायचं, सोबत विभूती घेऊन. माझ्या तारा जिथे जोडल्या आहेत त्या बारीक पिनांवर आधी पांढरा थर आला, मग हिरवा. आठ महिन्यांत मी आतून सडलो. कोणाला सांगू, आणि कसं सांगू?

पहिल्यांदा खोटं बोललो तो मंगळवार होता. जळकोट सोडलं की डोंगराची वळणं लागतात. अंजूनं डावीकडे चाक वळवलं आणि मी भलताच आकडा ओरडलो. कॉम्प्युटर गोंधळला, त्यानं मोटर बंद केली. समोर पिवळा दिवा पेटला आणि चाक दगडासारखं जड झालं. अंजूनं दोन्ही हातांनी ओढून कशीबशी गाडी सावरली. पुढे थांबून गाडी बंद करून चालू केली तर सगळं ठीक. दुसऱ्या मंगळवारी तेच झालं.

तिसऱ्या मंगळवारी समोरून उसानं भरलेला ट्रॅक्टर आला. वळण तेच, मी पुन्हा खोटं बोललो, आणि गाडी वळायच्या ऐवजी सरळ ट्रॅक्टरकडे निघाली. अंजूनं सगळं अंग चाकावर टाकलं. गाडी उसाला घासून रस्त्याखाली उतरली आणि बाभळीपासून हातभर अंतरावर थांबली. मागच्या सीटवर मल्लम्मा सुई टोचायचा हात छातीशी धरून बसल्या होत्या. गाडी थांबली तरी अंजूनं चाक डावीकडे ओढूनच धरलं होतं. त्या क्षणी मला स्वतःची इतकी घृणा वाटली की सांगता येत नाही.

लातूरहून परतल्यावर घरी अप्पा भडकले. "मोबाईल बघत असशील," ते म्हणाले.

"न्हाई अप्पा. स्टिअरिंगच जाम झालतं."

"मग मला कसं कधी जाम झालं न्हाई? सात वर्षं मी चालवली."

दुसऱ्या दिवशी गावातल्या गॅरेजवाल्याला बोलावलं. त्या शहाण्यानं टायरला लाथ घालून बघितली, अलाइनमेंट केलं, बॅटरीची तार काढून परत लावली. त्यानं दिवा तर गेलाच, पण कॉम्प्युटरनं माझ्याविरुद्ध जी काही तक्रार लिहून ठेवली होती तीही पुसली गेली. मग त्यानं एक चक्कर मारली. बुधवारच्या उन्हात मी वाळलो होतो, त्यामुळे अगदी साळसूदपणे खरं बोललो. "गाडी एक नंबर हाय अप्पा," तो म्हणाला. "पोरीचा हात कच्चा हाय." अंजू दारात उभी राहून ऐकत होती. तिनं मान खाली घातली आणि आत गेली.

अप्पांनी चावी काढून घेतली. शुक्रवारी ड्रायव्हर मिळवतो म्हणाले. लग्नसराई होती, ड्रायव्हर मिळाला नाही. मल्लम्मांचं एक डायलिसिस चुकलं. शनिवारी सकाळी त्यांचे पाय सुजून टम्म झाले आणि आडवं पडलं की दम लागायला लागला. दवाखान्यातून फोनवर सांगितलं, आत्ताच्या आत्ता घेऊन या. अप्पांनी चावी अंजूच्या हातात दिली आणि स्वतः शेजारच्या सीटवर बसले. "आजचा दिवस," ते म्हणाले. "उद्या गाडी विकून टाकतो. एसटीनं जाऊ, पण जीव तरी वाचंल."

त्या दिवशी सगळ्या वळणांवर मी सरळ वागलो. अप्पांनी एकदा अंजूकडे बघितलं. आज मी शेजारी बसलोय तर बरोबर चालवते, असं त्या बघण्यात होतं. मला वाटलं, आता एकदा तरी दिवा पेटावा. पण वाळलेला सेन्सर खरंच बोलतो, त्याला काय करणार?

मल्लम्मांना मशीनवर घेतलं. अंजू बाहेर येऊन अप्पांना म्हणाली, "चार तास हायत आपल्याकडं. इथं लातुरात एका चांगल्या माणसाला गाडी दाखवू. काही निघालं न्हाई तर मी पुन्हा चाकाला हात लावणार न्हाई."

तो माणूस म्हणजे आनंदराज. मूळचा नांदेड जिल्ह्यातल्या उमरीचा, लातूरला गाड्यांच्या वायरिंगचं काम करतो. त्याची एक पद्धत आहे. गाडीला हात लावायच्या आधी तो चालवणाऱ्याला समोर खुर्ची देतो. अंजूला बसवून त्यानं विचारलं, "ताई, कधी कधी झालं? सगळं सांगा, घाई करू नका." गेल्या तीन आठवड्यांत तिला असं कोणी विचारलंच नव्हतं. तिनं एकेक सांगितलं. डावं वळण, तोच डोंगर, पिवळा दिवा. मग जरा थांबून म्हणाली, "आणि मंगळवारीच होतं. शुक्रवारी एकदा पण झालं न्हाई."

"मंगळवार वाईटच," अप्पा पुटपुटले.

आनंदराजनं मशीन जोडून बघितलं. चाकाखाली एका डब्याला त्याची वायर लावली की पडद्यावर माझा आकडा दिसतो. चाक सरळ, आकडा शून्य. चाक वळलं, आकडा बरोबर वळला. जुनी तक्रार एकही नाही. अप्पांनी घड्याळाकडे बघितलं. अर्धा तास गेला होता. आनंदराज हनुवटी खाजवत म्हणाला, "मंगळवारच्या आदल्या दिवशी गाडीत काय होतं?"

"काय होणार?" अप्पा म्हणाले. "सोमवारी उभीच असती. मी पूजा करतो, बास."

"कशी करता काका? मला करून दाखवता का?"

अप्पांना ते आवडलं नाही. चेष्टा चालली आहे असं त्यांना वाटलं. पण आनंदराज पाण्याची बाटली घेऊन हात जोडल्यासारखा उभा होता. अप्पा गाडीत बसले. ओंजळीनं पाणी सोडलं. खिशातली विभूती भिजवून तीन पट्टे ओढले. सगळे पडद्याकडे बघत उभे राहिले. शून्य. पाच मिनिटं गेली, शून्य. दहा मिनिटं गेली, शून्यच.

मित्रांनो, पाणी माझ्याकडे येत होतं, पण फार सावकाश. आयुष्यभर खरं बोलायला शिकवलेला मी, त्या दहा मिनिटांत मनापासून म्हणत होतो, आता खोटं बोलता येऊ दे. आत्ता मी शहाण्यासारखा वागलो तर ही पोरगी जन्मभर खोटी ठरेल आणि तिची आई एसटीच्या सीटवर आडवी होईल.

"झालं समाधान?" अप्पा खाली उतरत म्हणाले.

"एक मिनिट काका. ताई, तुम्ही बसा. चाक डावीकडं घ्या, त्या वळणावर घेता तसं."

अंजूनं चाक डावीकडे फिरवलं. अडकलेला थेंब निसटला आणि माझ्या पिनांवर पडला. मी भरकटलो. चाक डावीकडे असताना पडद्यावर उजवीकडचा आकडा आला, मग तीनशे, मग काहीच नाही. पिवळा दिवा पेटला. अंजूनं चाक परत आणायला बघितलं, ते हलेना. तिनं नुसते दोन्ही हात चाकावरून काढून मांडीवर ठेवले आणि रडायला लागली.

अप्पांनी आत वाकून चाक धरलं. वळवून बघितलं. पुन्हा जोर लावून बघितलं. "लई जड हाय की गं हे," ते म्हणाले. "असलं चाक घेऊन तू ट्रॅक्टर चुकवलास?"

पुढचं काम घाईचं होतं. अंजूनं त्याच शहरातून नवा सेन्सर आणला. आनंदराजनं बॅटरीची तार काढली आणि पंधरा मिनिटं नुसता थांबला. अप्पांनी घाई केली तर म्हणाला, "एअरबॅगमधला करंट उतरू द्या, न्हाईतर तोंडावर फुटंल." मग त्यानं चाक कसं बसलं होतं तिथे खूण केली, चाक उपसलं आणि मला बाहेर काढलं. कितीतरी वर्षांनी उजेड बघितला. त्यानं मला अप्पांच्या तळहातावर ठेवलं. विभूतीचा चिखल वाळून माझ्या पिनांना चिकटला होता. अप्पा त्याच्याकडे बघत राहिले. "देवाला चुकीच्या जागी पाणी घातलं मी," एवढंच ते म्हणाले.

नवा सेन्सर बसला. दिवा तरीही गेला नाही. मल्लम्मांची मशीन सुटायला वीस मिनिटं उरली होती आणि अप्पांच्या कपाळावर घाम आला. आनंदराज मात्र शांत होता. "नवीन हाय, त्याला सरळ म्हणजे काय ते अजून म्हाईत न्हाई," तो म्हणाला. त्यानं चाक नीट सरळ धरून मशीनवर शून्य लावलं, मग पूर्ण डावीकडे, पूर्ण उजवीकडे, पुन्हा मध्ये. दिवा विझला. अंजूनं रस्त्यावर एक लांब चक्कर मारली, प्रत्येक वळणाला मुद्दाम, आणि पुन्हा विझलेलाच दिवा घेऊन आली.

अप्पांनी मला कागदात गुंडाळून सदऱ्याच्या खिशात घातलं. दवाखान्यात मल्लम्मा पलंगावर टेकून बसल्या होत्या. अप्पांनी मला बाहेर काढलं आणि शेजारच्या पलंगावरच्या लोकांसमोर, नर्ससमोर, मोठ्यानं सांगितलं, "हे बघ, खोटं हे बोलत होतं. पोरगी न्हाई. मीच ऐकलं न्हाई तिचं."

मल्लम्मा थकलेल्या आवाजात म्हणाल्या, "मला म्हाईत होतं. मी मागंच बसलेले की."

परतीच्या वाटेत तोच डोंगर आला, तेच वळण, आता उजवीकडचं. मी खिशात होतो, अप्पांच्या छातीजवळ. वळण आलं तेव्हा मला त्यांचा श्वास संथ ऐकू आला. अप्पा झोपले होते.

मित्रांनो, माझी एकच विनंती आहे. यंत्राला जपा, त्याला कोरडं ठेवा, दिवा पेटला की तार काढून तो विझवू नका. पण त्याच्याही आधी, ज्याच्या हातात चाक आहे त्याला खुर्ची द्या आणि विचारा, कधी झालं, कसं झालं. मी वाळलो की खरं बोलायचो, ओला झालो की खोटं. अंजू मात्र पहिल्या दिवसापासून एकच सांगत होती.